देवदर्शन आणि रणदर्शन : मीरा रोड ते वज्रेश्वरी, एका दिवसाची यात्रा

(मंदिराच्या जीर्णोद्धार सोहळ्यानिमित्त झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



कळस चढला, होमहवन झाले, महाप्रसादाच्या पंगती उठल्या. अशा मंगल प्रसंगी सर्वांच्या मनात समाधान असते आणि ते असावेच. परंतु जीर्णोद्धार या शब्दात ‘जीर्ण’ हा शब्दही आहे. जे जुने झाले, झिजले, पडले, ते पुन्हा उभे करणे म्हणजे जीर्णोद्धार. तेव्हा कळसाकडे पाहताना एक प्रश्न साहजिकच मनात यावा, की पूर्वीचे देऊळ पडले कशाने?

देशावर हा प्रश्न विचारला तर बहुतेक गावी उत्तर मिळते, ‘जुने झाले होते, पावसाने भिंत खचली.’ साष्टी आणि वसई या दोन प्रांतांत मात्र एवढ्या उत्तराने भागत नाही. येथे पुष्कळ देवळे पावसाने पडली नाहीत. ती राज्य बदलले म्हणून पडली आणि राज्य पुन्हा बदलले म्हणून उभी राहिली. येथल्या देवाचा इतिहास आणि लढाईचा इतिहास एकाच दप्तरात बांधलेला आहे. एकाची गाठ सोडली की दुसऱ्याचे कागद आपोआप हाती येतात.

म्हणूनच मीरा रोडच्या मंडळींनी वर्षातून एकदा तरी करावी अशी एका दिवसाची यात्रा आज मांडावयाची आहे. देवदर्शनाच्या सहली पुष्कळ निघतात. पहाटे बस सुटते, पाच देव होतात, वाटेत वडापाव होतो, रात्री मंडळी घरी येतात. किल्ले पाहणारी तरुण मुलेही पुष्कळ असतात. ती पाठीला पिशवी लावून निघतात आणि तटावर उभी राहून छायाचित्रे काढतात. पहिल्या बसमधल्या आजींना किल्ला माहीत नाही आणि दुसऱ्या टोळीतल्या नातवाला देऊळ माहीत नाही. या दोघांना एकाच बसमध्ये बसवून, सोबत एक जाणता मार्गदर्शक देऊन न्यावे, एवढाच या बोलण्याचा हेतू आहे.

पूर्वपीठिका

यात्रेला निघण्यापूर्वी थोडी पूर्वपीठिका बसमध्येच सांगून ठेवावी.

इ. स. १५३४ च्या डिसेंबरात गुजरातचा सुलतान बहादूरशहा याने तह करून वसई आणि तिच्याखालचा मुलूख पोर्तुगीजांना दिला. साष्टी त्यातच आली. साष्टी म्हणजे ठाण्यापासून वांद्र्यापर्यंतचे बेट. मीरे, भाईंदर, घोडबंदर ही गावे याच बेटाच्या उत्तर टोकाची. पुढे दोनशे वर्षे येथे पोर्तुगीज अंमल होता. देवळे मोडली गेली आणि पुष्कळ ठिकाणी त्यांच्या जागी चर्चे उभी राहिली. १५६० मध्ये गोव्यात धर्मन्यायालय आले आणि त्याचा धाक उत्तरेकडील या मुलखापर्यंत पोहोचला. हिंदू रयतेला उघडपणे सणवार व धर्मकृत्ये करण्याची चोरी झाली.

हे डोळ्यांनी पाहावयाचे असेल तर दूर जावे लागत नाही. दहिसर ओलांडले की बोरिवलीत मंडपेश्वराची लेणी आहेत. सुमारे सहाव्या शतकातले हे शिवाचे लेणे. सोळाव्या शतकात फ्रान्सिस्कन पाद्र्यांनी त्याचेच प्रार्थनामंदिर केले. डोक्यावरच्या खडकावर त्यांनी मोठी वास्तू बांधली, तिचे भग्नावशेष आजही उभे आहेत. लेण्यात एका भिंतीवरचे जुने शिल्प तासून तेथे क्रूस कोरलेला दिसतो. आज ते लेणे भारतीय पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात आहे आणि आत शिवाची पूजाही होते. एकाच खडकाने किती अंमल पाहिले, याची ही जिवंत नोंद समजावी.

हे असह्य झालेल्यांत भिवंडीजवळच्या अंजूर गावचे गंगाजी नाईक आणि त्यांचे बंधू होते. त्यांनी पेशव्यांकडे गाऱ्हाणे नेले, मुलखाची खडान्‌खडा माहिती पुरविली, होड्या आणि वाटाडे मिळवून दिले. लढाई जिंकणाऱ्या सेनापतीचे नाव इतिहासात राहते, पण वाट दाखवणारा गावकरी सहसा विसरला जातो. अंजूरच्या नाईकांचे नाव राहिले, हे या प्रांताचे भाग्य.

१७३७ च्या मार्च महिन्यात बाजीराव पेशव्यांचे धाकटे बंधू चिमाजी अप्पा यांच्या आज्ञेने मराठी फौज साष्टीत उतरली. ठाणे पडले आणि साष्टीचा बहुतेक भाग हाती आला. पण वसई पडेना. १७३७ मध्ये तिच्यावर झालेले हल्ले फसले. ती पडली १७३९ च्या मे महिन्यात. या दोन वर्षांच्या मोहिमेतली मुख्य ठिकाणे मीरा रोडच्या चारी बाजूंना पसरली आहेत. पुढची यात्रा त्यांचीच आहे.

पहिला मुक्काम : तारोडीची धारावी देवी आणि चौकचा किल्ला

सकाळी लवकर निघून भाईंदरच्या पश्चिमेला जावे. राई, मुर्धे, मोर्वे ही आगरी-कोळ्यांची जुनी गावे आणि बाजूची मिठागरे मागे टाकली की तारोडी गाव लागते. येथे धारावी देवीचे मंदिर आहे. मुंबईतली धारावी सर्वांना माहीत असते, पण ही धारावी वेगळी. भाईंदरच्या पश्चिमेचा हा सारा डोंगरपट्टा पूर्वी धारावी बेट म्हणून ओळखला जात असे. परिसरातील भूमिपुत्रांची ही जागृत देवता. नवरात्रात येथे मोठी गर्दी होते. प्रथम तिची ओटी भरावी आणि मग पुढे चौक गावाकडे निघावे.

चौकच्या टेकडीवर धारावीचा किल्ला होता. ‘होता’ असेच म्हणावे लागते, कारण तटाचे थोडे अवशेषच आता शिल्लक आहेत. चिमाजी अप्पांचे स्मारक तेथे उभारले आहे, ही समाधानाची गोष्ट. वर गेल्यावर एखाद्या आजी हमखास विचारतात, ‘भाऊ, एवढं चढून आलो, इथं देव कुठाय?’ मार्गदर्शकाने त्यांना उत्तरेकडे तोंड करून उभे करावे. समोर खाडीचे मुख, पलीकडे माडांच्या रांगा आणि त्यांच्या आड वसईचा किल्ला. एवढे दिसले की शाळेच्या पुस्तकात चार ओळींत संपलेली मोहीम क्षणात समजते.

वसईच्या दक्षिणेला खाडी, पश्चिमेला समुद्र. पोर्तुगीजांचे बळ आरमारात. गोव्याहून दारूगोळा आणि माणसे आणावयाची तर गलबतांना या मुखातून आत शिरावे लागे. ज्याच्या तोफा धारावीच्या टेकडीवर, त्याच्या हाती खाडीची किल्ली. म्हणून या लहानशा टेकडीसाठी दोन्ही बाजूंनी रक्त सांडले. मराठ्यांनी ती प्रथम घेतली, पोर्तुगीजांनी परत घेतली आणि अखेर मार्च १७३९ मध्ये मराठ्यांनी ती पुन्हा जिंकली. त्याच सुमारास वेसावेही घेतले गेले. वसईचा गळा येथून आवळला गेला.

याच डोंगरपट्ट्यातल्या खाणींचा दगड खाडीपलीकडे नेऊन पोर्तुगीजांनी वसईतील इमारती बांधल्या होत्या. ज्या डोंगराने वसईला दगड पुरविले, त्याच डोंगरावरून वसईची कोंडी झाली.

उतरताना डोंगरीचे चर्च दिसते. बेथलेहेम मातेचे हे चर्च सतराव्या शतकाच्या आरंभीचे. भोवतालच्या कोळीवाड्यांत आणि वाड्यांत ख्रिस्ती आणि हिंदू शेजारी-शेजारी राहतात. होडी तीच, जाळे तेच, समुद्राला नारळ देण्याची श्रद्धाही पुष्कळ घरांत तीच. मार्गदर्शकाने हे चर्च बसच्या खिडकीतून दाखवून पुढे जाऊ नये. गाडी थांबवावी. त्याचे कारण पुढे वसईत कळेल.

दुसरा मुक्काम : घोडबंदर

तेथून पूर्वेकडे परत येऊन घोडबंदरला जावे. अरबस्तानातून येणारे घोडे या बंदरात उतरत, म्हणून घोडबंदर असे नाव पडले म्हणतात. खाडीकाठच्या उंचवट्यावर पोर्तुगीजांनी येथे किल्ला व चर्च बांधले. १७३७ मध्ये मराठ्यांनी किल्ला घेतला. १७७४ च्या अखेरीस इंग्रजांनी साष्टी घेतली आणि १७८२ च्या सालबाईच्या तहाने ती त्यांच्याकडेच राहिली. म्हणजे मराठ्यांचा अंमल येथे जेमतेम सदतीस वर्षांचा.

घोडबंदरला दोन गोष्टी पाहाव्यात. एक म्हणजे जागेची निवड. खाडी येथे वळण घेते. ठाण्याहून येणारी आणि वसईकडून येणारी होडी येथून चुकत नाही. दुसरी गोष्ट म्हणजे डागडुजी. महानगरपालिकेने येथे दुरुस्तीचे काम हाती घेतले. जुन्या भिंतीला नवा चुना लागला की तो जाणकाराच्या नजरेला दिसतो. जीर्णोद्धार करणाऱ्या देवस्थानांच्या कारभाऱ्यांनी येथे थोडे थांबून पाहावे, की जुन्या वास्तूची दुरुस्ती करताना काय राखावे लागते आणि किती जपून.

तिसरा मुक्काम : वसई

घोडबंदरवरून महामार्गाच्या पुलाने खाडी ओलांडली की वसई तालुका लागतो. फेब्रुवारी २०२४ मध्ये भाईंदर आणि वसई किल्ला यांच्यामध्ये रो-रो बोटही सुरू झाली. बोटीने गेल्यास धारावीची टेकडी मागे आणि वसईचा तट पुढे, असे दोन्ही एकाच वेळी दिसते. मराठी फौजेला जी खाडी ताब्यात घ्यायला दोन वर्षे लागली, ती आजचा प्रवासी गाडीसकट थोडक्या वेळात ओलांडतो.

१ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा झाला आणि वसई तालुका त्यात गेला. भाईंदर ठाणे तालुक्यात राहिले. वज्रेश्वरी भिवंडी तालुक्यात. म्हणजे ही एक दिवसाची यात्रा आजच्या हिशोबाने दोन जिल्हे आणि तीन तालुके फिरून येते. १७३९ साली मात्र हा सारा एकाच मोहिमेचा मुलूख होता. कागदावरच्या हद्दी बदलतात, डोंगर-खाड्या जागच्या जागी राहतात.

वसईच्या किल्ल्यात किमान दोन तास राखून ठेवावेत. दोन बाजूंना पाणी असल्याने जोराचा हल्ला करता येई तो फक्त उत्तरेच्या, जमिनीकडच्या बाजूने. तेथे जमीन वाळूची. खंदक खणावा तर वाळू ढासळते. फेब्रुवारी १७३९ मध्ये वेढा पक्का झाला. मोर्चे पुढे सरकवीत तटाखाली सुरुंग खणण्याचे काम सुरू झाले. वरून तोफा, बंदुका, जळते पलिते यांचा मारा. आतले पोर्तुगीजही शौर्याने लढले, हे चिमाजी अप्पांच्या पत्रांतूनच कळते. त्यांचा सेनापती सिल्वेरा द मेनेझिस वेढ्यातच पडला.

मे महिन्याच्या मध्यास सान सेबास्तियन बुरुजाखाली सुरुंग पेटविले गेले. खिंडार पडले, मराठे आत घुसले. तेवढ्यात एक सुरुंग उशिरा उडाला आणि खिंडारात चढलेली मराठ्यांचीच माणसे उडाली. तरीही दुसऱ्या दिवशी पुन्हा हल्ला झाला. १६ मे रोजी पोर्तुगीजांनी शरणागतीचा करार केला आणि २३ मे रोजी ते किल्ला सोडून गेले. मराठ्यांकडील मेलेले आणि जखमी पाच हजारांवर, पोर्तुगीजांकडील आठशे, असा आकडा ग्रँट डफने दिला आहे. या वेढ्याची मराठी पत्रे पेशवे दप्तरातून निवडून रियासतकार सरदेसाई यांनी छापली आहेत. ज्याला खरे वाचावयाचे असेल त्याला मोठ्या ग्रंथालयात ती मिळतात.

किल्ल्यात आज चालते-बोलते देऊळ नागेश्वराचे. वसई घेतल्यावर मराठ्यांनी या महादेवाची व्यवस्था लावली. मारुतीही आहे आणि वज्रेश्वरीही आहे. तेथून चार पावलांवर उंच मनोऱ्याचे सेंट जोसेफ चर्च आहे. मनोरा शाबूत, छप्पर गेलेले, फरशीवर पोर्तुगीज अक्षरे कोरलेली थडगी. याच किल्ल्यातल्या एका चर्चशी संत गोन्सालो गार्सिया यांचे नाव जोडलेले आहे. ते वसईचे. १५९७ च्या फेब्रुवारीत जपानात नागासाकी येथे त्यांना क्रूसावर चढविण्यात आले आणि १८६२ मध्ये रोमच्या पोपने त्यांना संतपद दिले. ख्रिस्ती यात्रेकरू त्यांच्या नावाने येथे जमतात, नागेश्वराला हिंदू यात्रेकरू येतात आणि मे महिन्यात वसई विजयाचा उत्सवही येथेच होतो. एका तटाच्या आत तिन्ही आठवणी नांदतात.

तहाची कलमे

वसईत जाऊन केवळ विजयाचा जयजयकार करणारा मार्गदर्शक अर्धेच सांगतो. उरलेले अर्धे तहाच्या कलमांत आहे.

एवढी माणसे गमावल्यावर विजेत्याने काय केले? शत्रूच्या शिबंदीला शस्त्रांसह, वाजतगाजत बाहेर पडू दिले. शहरातल्या लोकांना आपली चीजवस्तू घेऊन जाण्यास मुदत दिली. जे ख्रिस्ती राहू इच्छितात त्यांनी आपला धर्म पाळावा, असे कबूल केले. तीन चर्चे चालू राहतील, एक वसई शहरात, एक वसई प्रांतात आणि एक साष्टीत, असेही ठरले. ज्या रयतेने दोनशे वर्षे आपली देवळे मोडलेली पाहिली, तिच्या बाजूने लढलेल्या सेनेने हे कलम लिहून दिले. चिमाजी अप्पांचे मोठेपण सांगताना सुरुंगाइतकेच हे कलमही सांगावे.

वसईच्या चर्चच्या मोठमोठ्या घंटा मात्र विजयाची खूण म्हणून देशावर गेल्या. नाशिकला नारोशंकराच्या देवळात, भीमाशंकरला, वाईजवळ मेणवलीला नाना फडणविसांच्या घाटावर त्या आजही आहेत. मेणवलीच्या घंटेवर मेरीमाता आणि बाळ येशू यांची आकृती आहे. तेथल्या लोकांनी ती खरवडून काढली नाही. घंटा देवाची झाली, आकृती जशीच्या तशी राहिली.

जे ख्रिस्ती मागे राहिले त्यांचे वंशज कोण? डोंगरी-उत्तनचे कोळी, वसईचे वाडवळ, सामवेदी, भंडारी. घरात मराठी किंवा तिचीच बोली बोलणारे हे लोक. त्यांच्यातलेच फादर फ्रान्सिस दिब्रिटो जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबादच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. २०२४ मध्ये ते निवर्तले. पोर्तुगीज आरमार १७३९ मध्ये गेले. जे राहिले ते येथलेच. पोर्तुगीज सत्तेचे माप त्यांच्या पदरात टाकणे अन्यायाचे आहे. डोंगरीला बस थांबवावी, असे म्हटले ते यासाठी. शेजाऱ्याच्या दारावरून जाताना त्याच्या पूर्वजाची लढाई सांगावयाची असेल, तर आधी त्याला रामराम घालावा.

चौथा मुक्काम : वज्रेश्वरी

उन्हे कलली की वसई सोडावी. महामार्गावर शिरसाडच्या फाट्याला वळून वज्रेश्वरीला यावे. वसईचा वेढा यशस्वी झाल्यास देवीचे मंदिर बांधीन, असा नवस चिमाजी अप्पांनी केला होता, अशी परंपरा आहे. किल्ला कसा जिंकावा हे देवीने स्वप्नात सांगितले, अशीही आख्यायिका सांगतात. देवीचे मूळ स्थान जवळच्या गुंज गावी होते आणि पोर्तुगीज अंमलात ते नष्ट झाले. विजयानंतर वसईचे सुभेदार शंकराजी केशव फडके यांच्या हस्ते वडवली येथे नवे मंदिर उभे राहिले. पुढे गावच वज्रेश्वरी म्हणून ओळखले जाऊ लागले.

बावन्न पायऱ्या चढताना मधल्या पायरीवर सोनेरी कासव दिसते. प्रवेशद्वारावरचा नगारखाना बडोद्याच्या गायकवाडांनी बांधला. आणि भोवतालचा तट पाहावा. तो देवळाचा कोट आहे की किल्ल्याचा, असा प्रश्न पडावा इतका भक्कम. ज्यांनी आयुष्य किल्ले घेण्यात घालविले त्यांनी देवीलाही किल्ल्यात बसविले. गाभाऱ्यात वज्रेश्वरीबरोबर रेणुका आणि कालिका आहेत. चैत्र अमावास्येला येथे मोठी जत्रा भरते. जवळच अकलोली आणि गणेशपुरीला गरम पाण्याची कुंडे आहेत. दिवसभर चाललेल्या म्हाताऱ्या पायांना त्यांचा फार उपयोग होतो.

विजयानंतर दोघेही बंधू फार जगले नाहीत. बाजीराव १७४० च्या एप्रिलमध्ये गेले, चिमाजी अप्पा त्याच वर्षीच्या डिसेंबरात. वसईचा किल्लाही १७८० मध्ये इंग्रज जनरल गॉडर्ड याने जिंकला, पुढे सालबाईच्या तहाने तो मराठ्यांना परत मिळाला, आणि १८०२ च्या अखेरीस दुसऱ्या बाजीरावाने इंग्रजांशी ज्या तहावर सही केली तोही वसईलाच झाला. राज्ये आली-गेली. नवसाचे देऊळ तेवढे नांदते राहिले.

ज्यांची नावे नाहीत

आता एक गोष्ट विशेष लक्षपूर्वक ऐकावी, अशी विनंती आहे.

युरोपात बेल्जियम देशात ईप्र नावाचे गाव आहे. पहिल्या महायुद्धात तेथे अतोनात माणसे मेली. ज्यांची प्रेतेही सापडली नाहीत अशा चोपन्न हजारांहून अधिक सैनिकांची नावे तेथल्या मेनिन दरवाजावर कोरली आहेत. त्यांत हिंदी शिपायांचीही नावे आहेत. १९२९ पासून रोज रात्री आठ वाजता तेथे बिगूल वाजवून त्यांना मानवंदना दिली जाते. फक्त दुसऱ्या महायुद्धात जर्मन अंमलामुळे खंड पडला. माणसे देवाला जावे तशी तेथे यात्रेला जातात.

वसईच्या खिंडारात पडलेल्यांपैकी सरदारांची काही नावे मिळतात. बाजी भिवराव रेठरेकर तारापूरला पडले, हे ठाऊक आहे. पण सुरुंग खणणारे बेलदार, होड्या वल्हवणारे कोळी, मोर्चात उभे राहिलेले मावळे आणि भंडारी, यांतले कितीजण कोण, याची यादी कोणत्याही दगडावर नाही.

पूर्वी आपल्याकडे ही रीत नव्हती असे नाही. बोरिवलीच्या एक्सर गावात वीरगळ उभे आहेत. शिलाहारांच्या काळातले. त्यांवर जहाजांची लढाई कोरली आहे. वल्ही मारणारे खलाशी, पडलेले वीर आणि वरच्या थरात शिवलिंगापुढे बसलेला तोच वीर. खाली रण आणि वर देव, एकाच दगडात. देवदर्शन आणि रणदर्शन एकत्र करावे ही कल्पना नवी नाही, हे यावरून दिसून येईल. असे वीरगळ साष्टीत ठिकठिकाणी निघतात. कोणी त्यांना शेंदूर फासून पूजतो, कोणी पायरीला लावतो, कोणी धुण्याचा दगड करतो.

मीरा रोड आणि भाईंदरात गेल्या चाळीस-पन्नास वर्षांत बाहेरून फार माणसे आली. गिरगाव-लालबागच्या चाळींतून आली, कोकणातून आली, देशाच्या कानाकोपऱ्यांतून आली. त्यांनी येथे घर केले, मुले येथे वाढली. या मुलांना विचारले, ‘तुमचे गाव कोणते?’ तर ती आजोबांच्या गावाचे नाव सांगतात. पायाखालच्या गावाचा इतिहास कोणी सांगितलाच नाही, तर ते गाव त्यांचे होणार कसे? जुन्या गावकऱ्यांनाही थोडेफार तेच लागू आहे. टेकडी दिसते, पण तिच्यासाठी कोण पडले ते ठाऊक नसते. आणि ज्याला ठाऊक नसते तो टेकडीतला दगड विकतो, बुरुजावर खिळ्याने स्वतःचे नाव कोरतो. संरक्षित स्मारकाची अशी नासधूस केल्यास दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात, असा कायदा आहे. पण कायद्याच्या धाकापेक्षा माहितीने काम लवकर होते.

यात्रा काढणाऱ्यांना सूचना

मार्गदर्शक नेमताना तीन गोष्टी पाहाव्यात. आख्यायिका कोणती आणि कागदोपत्री पुरावा कोणता, हे तो वेगळे सांगतो का? दोन्ही सांगावे, पण मिसळू नये. दुसरे, तो दोन्ही बाजूंचे मृत सांगतो का? तिसरे, त्याचे बोलणे ऐकून बसमधला ख्रिस्ती किंवा मुसलमान शेजारी मान खाली घालतो, की प्रश्न विचारतो? ज्याच्या बोलण्यावर सर्वजण प्रश्न विचारतात तो मार्गदर्शक पुन्हा बोलवावा.

यात्रा थंडीत, मार्गशीर्ष ते माघ या काळात काढावी. पावसात धारावीची टेकडी आणि वसईचा तट निसरडा होतो, उन्हाळ्यात वसईत भाजून निघावे लागते. किल्ल्यात गवत वाढलेले असते, म्हणून पायात वहाणांऐवजी बूट असावेत. पाणी बरोबर घ्यावे. बोटीने जावयाचे असल्यास वेळापत्रक आधी पाहून ठेवावे. शिळा डबा आणि प्लॅस्टिकच्या पिशव्या देवाच्या आणि वीरांच्या जागी टाकून येऊ नयेत, हे सांगणे न लगे.

आणि शेवटची विनंती विश्वस्त मंडळींना. जीर्णोद्धारात जुन्या देवळाचे जे दगड, खांब, कोरीव तुकडे, वीरगळ निघाले असतील, ते खाडीत किंवा भरावात टाकू देऊ नयेत. आवारात एका चौथऱ्यावर ते नीट मांडावेत. प्रत्येकाचे माप, छायाचित्र आणि तो कोठे सापडला याची नोंद एका वहीत करावी. ही वही हिशोबाच्या वहीइतकीच जपावी. तहसील कचेरीत एका फेरफाराची नोंद हरवली तर वारसांना पिढ्यान्‌पिढ्या त्रास होतो, याचा अनुभव गावात कोणाला नाही? देवळाच्या दगडाचेही तसेच आहे. नोंद नसलेला दगड बेवारशी ठरतो.

नवे देऊळ झाले, फार चांगले झाले. पुढच्या वर्षी थंडीत आजी आणि नातू एकाच बसमध्ये बसून धारावीच्या टेकडीवर उभे राहावेत. आजींनी नातवाला देवीची ओटी कशी भरावी ते दाखवावे आणि नातवाने आजींना खाडीपलीकडचा बुरूज दाखवावा. संध्याकाळी वज्रेश्वरीला दिवा लावताना, ज्यांची नावे कोठे लिहिलेली नाहीत त्यांच्यासाठीही एक वात लावावी.

॥ शुभं भवतु ॥